टेबलावरच्या माइकचे अंतरंग

हौशी रेडिओ, म्हणजे परीक्षा देऊन आणि केंद्र सरकारच्या दूरसंचार विभागाचा परवाना घेऊन, कोणताही व्यापारी हेतू न ठेवता केलेले बिनतारी संभाषण, हा एरवी छंदच होय; परंतु ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीच्या भूकंपाने लातूर व उस्मानाबाद जिल्ह्यांतील गावे जमीनदोस्त केली, तेव्हा ‘हॅम’ म्हणून ओळखली जाणारी ही हौशी मंडळी आपले संच घेऊन मदतीला धावली. अशा वेळी गावाचे नाव किंवा जखमींचा आकडा चुकीचा ऐकला जाणे परवडत नाही, आणि शब्दाच्या स्पष्टतेची पहिली जबाबदारी मायक्रोफोनवर असते. त्याचे मंडल समजणे नांदेड जिल्ह्यातील अर्धापूरसारख्या ठिकाणी घरीच संच मांडून बसणाऱ्या नवशिक्यालाही अवघड नाही.

मायक्रोफोनचे मुख्यतः दोन प्रकार वापरात आहेत. डायनॅमिक प्रकारात आवाजाने थरथरणाऱ्या पडद्याला चिकटलेली बारीक तारेची कॉइल चुंबकाच्या क्षेत्रात हलते आणि स्वतःच वीज निर्माण करते. इलेक्ट्रेट प्रकारात पडदा व त्यामागची पट्टी मिळून एक कपॅसिटर बनतो, त्यावरील विद्युतभार कायमचा साठवलेला असतो आणि आवाजाने अंतर बदलले की व्होल्टेज बदलते. मात्र हा बदल इतका दुबळा असतो, की कॅप्सूलमध्येच एक छोटा ट्रान्झिस्टर बसवावा लागतो. त्याला काही हजार ओहमच्या रेझिस्टरमधून थोडा डीसी पुरवठा द्यावा लागतो.

हा डीसी पुढच्या टप्प्यात जाऊ नये म्हणून वाटेत कपॅसिटर घालतात, जो डीसी अडवतो आणि आवाजाचा बदलता प्रवाह पुढे सोडतो. त्याचे मूल्य मुद्दाम लहान ठेवले, तर खर्जाचा भाग गाळला जातो. संभाषणाला साधारण ३०० ते ३००० हर्ट्‌झ एवढा पट्टा पुरतो आणि ‘अर्धापूर’मधील जोडाक्षर ओळखू येते ते या पट्ट्याच्या वरच्या भागामुळे. टेबलावरचा माइक तोंडापासून जरा दूर राहत असल्याने त्याच्या तळपेटीत बहुधा ट्रान्झिस्टरचा प्रवर्धक असतो, परंतु त्याची कळ जास्त फिरवली, तर खोलीतला पंखाही तितक्याच ठसक्यात प्रसारित होतो.

तळपेटीवरची पट्टी म्हणजे पीटीटी, अर्थात बोलताना दाबायचा स्विच. तो एक तार जमिनीशी, म्हणजे संचाच्या शून्य व्होल्टेजशी, जोडतो आणि संच प्रक्षेपणाकडे वळतो. जोडणी करताना फसगत होते ती आठ पिनांच्या गोल सॉकेटमुळे: आयकॉम व केनवूड या कंपन्यांच्या अनेक संचांत ते दिसायला सारखेच असते, परंतु पीटीटी पहिल्यात पाचव्या पिनेवर आणि दुसऱ्यात दुसऱ्या पिनेवर असते. म्हणून संचाचे पुस्तक पाहिल्याखेरीज डाग लावू नये.

माइकमधून येणारे व्होल्टेज काही मिलिव्होल्टच असल्याने जाळीदार आवरणाची तार आवश्यक ठरते आणि आवाजाची जमीन व पीटीटीची जमीन वेगळी ठेवणे हिताचे असते, नाहीतर गुणगुण मिसळते. अँटेनाकडून परतणाऱ्या लहरी तारेत शिरून आवाज फाटत असेल, तर माइकच्या टोकाला १०० पिकोफॅरडचा कपॅसिटर जमिनीशी जोडतात आणि तारेवर फेराइटचे कडे चढवतात. पलीकडून ‘आवाज फाटतोय’ असे कळताच बरेच जण अधिक मोठ्याने बोलू लागतात. खरा उपाय मात्र बहुधा प्रवर्धकाची कळ थोडी खाली आणण्याचा असतो.