संगमरवराच्या बेटावर एक दिवस

ग्रीसला जाऊन आलेली माणसे आता आपल्या गावातही चार-दोन भेटतात. अथेन्सच्या अक्रोपोलिसचे वर्णन आपण त्यांच्या तोंडून ऐकलेले असते. त्यांतले काही जण पुढे बोटीने एखाद्या बेटावर जातात आणि तेथे एका दिवसाची मोटारसहल घेतात. सकाळी निघायचे, बरोबर एक वाटाड्या, दोन-चार भग्न देवळे, दोन-चार खेडी, मध्ये जेवण, आणि संध्याकाळी बंदरावर परत. जाणत्या मंडळींना अशा सहलींचे फारसे कौतुक नसते. मेंढरांसारखे उतरवतात, मेंढरांसारखे पुन्हा चढवतात, अशाने काय दिसायचे, असे ते विचारतात. या आक्षेपात तथ्य नाही असे नाही. तथापि प्रवासी मनात एखादा प्रश्न धरून मोटारीत बसला, तर आठ तासांतही पुष्कळ पदरात पडते, असा आमचा अनुभव आहे. आज तोच प्रश्न घेऊन आपण एका बेटावर फिरून येऊ.

बेटाचे नाव नाक्सोस. एजियन समुद्रात सिक्लाडीज नावाचा बेटांचा पुंजका आहे, त्यांतले हे सर्वांत मोठे, सुमारे ४३० चौरस किलोमीटरचे. अथेन्सच्या पिरेयस बंदरातून साध्या बोटीने पाच-साडेपाच तासांची वाट आहे. मध्यावर झास नावाचा पर्वत हजार मीटरच्या किंचित वर डोके काढून उभा आहे. झ्यूस देवाचेच हे नाव, आणि त्याचे बाळपण येथे गेले अशी कथा सांगतात. शेजारची बेटे उघडीबोडकी. नाक्सोसला मात्र पाण्याची खोरी आहेत, ऑलिव्हच्या राया आहेत, द्राक्षमळे, बटाट्याची शेते आणि गाईगुरे आहेत. सहलीच्या पत्रकात दोन रकाने असतात: एकात प्राचीन अवशेष, दुसऱ्यात ग्रामीण जीवन. हे दोन रकाने या बेटावर वेगळे पाडताच येत नाहीत, असे आम्हांस वाटते. दोन्हींच्या तळाशी एकच वस्तू आहे, ती म्हणजे बेटाच्या पोटातला संगमरवर. आपला प्रश्नही त्यातूनच निघतो. दगडाचा देव होतो, तो कोणाच्या हातून आणि कसा?

मोटार पहिल्यांदा थांबते ती बंदरापासून दहा-अकरा किलोमीटरवर, सांग्री गावाजवळ. भोवती शेते, मध्ये एक बुटकी टेकडी, आणि तीवर डिमीटर देवीचे देऊळ. डिमीटर ही धान्याची देवता. तिचे देऊळ नगरात नाही, शेतात आहे. आणि ते असावयास हवे तेथेच आहे. या टेकडीवरची पूजा देवळाहूनही जुनी. इ. स. पूर्व आठव्या शतकात येथे उघड्यावरच पूजा होत असे. खडकात खोदलेले जोडखळगे आणि त्यांना जोडणारे पन्हळ आजही दिसतात. त्यांत देवीसाठी पातळ द्रव्यांचे अर्घ्य ओतीत. पुढे इ. स. पूर्व ५३० ते ५२० च्या सुमारास संगमरवराचे देऊळ उठले. लांबी-रुंदी जवळजवळ सारखी, तेरा-तेरा मीटर.

आकाराने मोठे नाही, म्हणून पुष्कळ प्रवासी दहा मिनिटांत फोटो काढून मोकळे होतात. पण येथे मान वर करून छपराचा विचार केला पाहिजे. छपराच्या तुळया संगमरवराच्या होत्या, आणि कौलेही संगमरवराची. खाली वेगळी तक्तपोशी नव्हती. आत उभे राहिले की छपराचा उतार सरळ दिसे, आणि त्या उताराला मिळावे म्हणून आतले खांब कमी-अधिक उंचीचे केलेले होते. संगमरवर पातळ कापला म्हणजे त्यातून उजेड झिरपतो. बंद देवळात वरून मंद, दुधाळ प्रकाश उतरत असेल, त्याची कल्पना करून पाहावी. ही कौले प्रथम घडवणारा कारागीर नाक्सोसचाच होता, त्याचे नाव बायझीस, अशी परंपरा पॉसेनियस या दुसऱ्या शतकातील प्रवासी ग्रंथकाराने नोंदवून ठेवली आहे. देवळाची कौले कोणी शोधली हे नावानिशी लक्षात ठेवणारा समाज कारागिराला मानीत असला पाहिजे.

त्या देवळाचे पुढे इ. स. च्या सहाव्या शतकात ख्रिस्ती उपासनामंदिर झाले. दगड तेच, मांडणी निराळी. कालांतराने तेही ढासळले. १९४९ साली कॉन्टोलिऑन या ग्रीक संशोधकाने ही जागा शोधून काढली. १९७६ पासून लांब्रिनुदाकिस आणि म्युनिकचे ग्रुबेन यांनी पद्धतशीर उत्खनन केले, आणि १९९० नंतरच्या दशकात देवळाचा काही भाग पुन्हा उभारला गेला. चर्च बांधणारांनी देवळाचेच दगड वापरले असल्यामुळे मूळचे पुष्कळ दगड जागच्या जागी सापडले. जेथे नवा दगड घातला आहे तेथे तो पांढराफेक दिसतो, जुना पिवळसर. ही लबाडी नाही, उलट प्रामाणिकपणा आहे. जोड कोठे आहे ते पाहणाऱ्यास कळले पाहिजे. पण एक अडचण उरतेच. देऊळ उभे करावयाचे म्हणजे चर्चचे दगड सोडवावयाचे. कोणते शतक राखावे आणि कोणते मोडावे, याचा निवाडा येथे कोणाला तरी करावा लागला. शेजारच्या लहानशा संग्रहालयात दोन्ही वास्तूंचे अवशेष मांडले आहेत, हे आम्हांस फार उचित वाटते. वाटाड्या घाई करू लागला तरी ते संग्रहालय चुकवू नये.

येथून मोटार त्राजेया नावाच्या ऑलिव्हच्या खोऱ्यात शिरते आणि हाल्की गावी थांबते. येथे सारी मंडळी एका जुन्या भट्टीकडे धावतात. १८९६ पासून चालत आलेली ही वालिंद्रास घराण्याची भट्टी. तांब्याची भांडी अजून जागेवर आहेत. येथे किट्रोन नावाचे मद्य गाळतात, तेही फळाचे नव्हे, पानांचे. हिरवे गोड व सौम्य, पिवळे कडक, आणि बिनरंगाचे मधले. मद्याविषयी आम्ही अधिक बोलणे बरे नव्हे. पण ते झाड कोणते म्हणाल, तर आपले महाळुंग. कोल्हापूरच्या अंबाबाईच्या हातात जे फळ आहे तेच. मूळचे ते हिमालयाच्या पायथ्याकडचे. तेथून इराणमार्गे ते पश्चिमेस गेले, आणि थिओफ्रास्टस या ग्रीक वनस्पतिशास्त्रज्ञाने इ. स. पूर्व चौथ्या शतकात त्याला मीडियाचे सफरचंद म्हणून वर्णिले. कपड्यांत ठेवले की कसर लागत नाही, असा त्याचा गुणही त्याने सांगितला आहे. आपल्याकडे महाळुंग आता बाजारात शोधावे लागते. त्या बेटावर त्याच्या पानांवर एक धंदा सव्वाशे वर्षे उभा आहे. जवळच मोनी गावाखाली पानाजिया द्रोसियानी हे चर्च आहे. त्याच्या भिंतींवर सहाव्या-सातव्या शतकांतली चित्रे आहेत. मोटार तेथे थांबणार असेल तर भाग्य समजावे.

आता रस्ता वळणे घेत वर चढतो. डोंगरउतारावर दगडी ताली रचून पायऱ्यापायऱ्यांची शेते केलेली दिसतात. मधूनच गोल फरसबंद खळी दिसतात. त्यांवर जनावरे फिरवून मळणी होत असे. आता बहुतेक खळ्यांत गवत माजले आहे. सुमारे सहाशे मीटर उंचीवर आपीरांथोस हे गाव येते. गल्ल्या संगमरवराच्या, पायऱ्या संगमरवराच्या, उंबरे संगमरवराचे. प्रवासी म्हणतात, काय हे ऐश्वर्य! वस्तुतः हे ऐश्वर्य मुळीच नव्हे. पायाखाली जो दगड निघाला तो त्यांनी वापरला, आपण काळा दगड वापरतो तसा. या गावचे खरे धन आणि खरे दुःखही दुसऱ्याच दगडात होते.

तो दगड म्हणजे एमरी, कुरुंदाच्या जातीचा. कुरुंद हे नाव आपल्या परिचयाचे आहे. पाश्चात्त्य शास्त्रज्ञांनी या खनिजाला जे नाव दिले, ते दक्षिण भारतातील याच शब्दावरून. काठिण्याच्या मापात हिरा दहा, तर कुरुंद नऊ. संगमरवर फक्त तीन. म्हणजे संगमरवर घासून गुळगुळीत करावयाचा तर कुरुंदासारखा साथीदार नाही. निसर्गाने एकाच बेटावर मूर्तीचा दगड दिला आणि तिला झिलई देणारा दगडही दिला. नाक्सोसच्या एमरीची कीर्ती रोमन काळातही होती. प्लिनीने तिचा उल्लेख केला आहे.

पुढे यंत्रयुगात धार लावण्याच्या चाकांसाठी आणि घासकागदांसाठी हिची मागणी वाढली. आपीरांथोस आणि पलीकडचे कोरोनोस या डोंगरगावांना ती खणण्याचा परंपरागत हक्क होता, आणि माल सरकार विकत घेई. शेती थोडी, म्हणून पुरुष बोगद्यांत उतरत. पूर्वी माल गाढवांच्या पाठीवरून किनाऱ्यावर जाई. १९२० नंतरच्या दशकात तारेवरून पाळणे नेणारा मार्ग बांधला, त्याने माल मुत्सूना बंदरापर्यंत उतरू लागला. त्याचे लोखंडी मनोरे आजही डोंगरावर उभे आहेत, तारा मात्र मुक्या आहेत. १८९१ साली अमेरिकेत अॅचेसनने विजेच्या भट्टीत कार्बोरंडम तयार केले, तेव्हाच खरे म्हणजे या गावांचे भवितव्य ठरले. ते त्यांना कळायला अर्धे शतक लागले. कृत्रिम दगड स्वस्त झाला, खाणी ओस पडत गेल्या, तरुण मंडळी अथेन्सला गेली. वाटाड्या मनोऱ्यांकडे बोट दाखवून दोन वाक्यांत हे सांगतो आणि जेवणाची सूचना देतो. आमच्या मते जेवण लवकर उरकून गावच्या लहानशा भूगर्भसंग्रहालयात जावे आणि एमरीचा काळा, जड तुकडा नीट पाहावा. देवीच्या देवळातली झिलई कोणत्या दगडातून आली, ते तेथे दिसते.

याच गावी १९२२ साली मानोलिस ग्लेझोस जन्मले. मे १९४१ च्या अखेरीस एका रात्री त्यांनी आणि त्यांचे मित्र आपोस्तोलोस सान्तास यांनी अक्रोपोलिसवर चढून नाझींचा ध्वज खाली उतरवला. तेव्हा ग्लेझोस अठरा वर्षांचे होते. उतारवयात ते गावी परतले, ग्रामसभेचे प्रमुख झाले, आणि गावचे निर्णय सर्वांनी एकत्र बसून घ्यावेत असा प्रयोग त्यांनी करून पाहिला. २०२० साली ते निवर्तले.

उत्तर टोकाला आपोलोनास हे कोळ्यांचे गाव. त्याच्यावरच्या उतारावर, जुन्या खाणीत, ज्याच्यासाठी ही सारी वाट चाललो तो निजला आहे. साडेदहा मीटरहून लांब, अंदाजे ऐंशी टन वजनाचा एक उताणा पुरुष. त्याला दाढी आहे, म्हणून तो डायोनिसस, मद्याचा आणि द्राक्षांचा देव, असे आता बहुतेक अभ्यासक मानतात. चेहरा आहे पण नाकडोळे नाहीत. हात आहेत पण बोटे नाहीत. आपल्याकडे म्हणतात, टाकीचे घाव सोसल्यावाचून देवपण येत नाही. या देवाने घाव सोसले, सव्वीसशे वर्षांच्या आसपास सोसून पडला आहे, आणि देवपण काही आले नाही.

म्हणूनच तो पाहण्याजोगा. पुरी झालेली मूर्ती आपल्या जन्माची कथा पुसून टाकते; याच्या अंगावर ती उघडी आहे. पाथरवट आधी दगडाभोवती टोकदार लोखंडाने चर खणीत, आणि मग पाचरी मारून तो खालच्या खडकापासून सुटा करीत. खाणीतच मूर्ती ओबडधोबड घडवून घेत. कारण साधे आहे: नको असलेला दगड वाहून नेण्यात काय अर्थ? बारीक काम मुक्कामाला पोचल्यावर. नाक्सोसकरांना अवाढव्य कामांची हौसच होती. डेलॉस बेटावर त्यांनी अपोलोची प्रचंड मूर्ती आणि सिंहांची रांग वाहिली, डेल्फीला उंच खांबावर स्फिंक्स बसवला. त्या यशाच्या गोष्टी इतिहासात आहेत. येथे फसलेला बेत आहे. दगडाला तडा गेला म्हणून काम सोडले, असे सांगतात. तड्यापुढे राजाचे चालत नाही आणि देवाचेही नाही.

काही सहली परतीच्या वाटेवर फ्लेरिओच्या मळ्यातही नेतात. तेथे आणखी दोन अपुरे तरुण पडले आहेत. एक तर घरगुती बागेत, झाडांच्या सावलीत. साडेपाच मीटरांचा, पाय मोडलेला. वाहून नेताना मोडला असावा. किती माणसांचे किती महिन्यांचे श्रम एका धक्क्याने वाया गेले असतील! जवळच खाणकामगारांचे स्वतःचे एक प्राचीन पूजास्थान सापडले आहे. देव घडवणारांनाही आपला देव लागत होताच. तेथल्या झऱ्यांचे पाणी प्राचीन काळी अकरा किलोमीटर लांबीच्या नळाने नगरात नेले होते.

मोटार बंदरावर परत येते तेव्हा ऊन कलते झालेले असते आणि सारे गाव एका टेकाडाकडे चाललेले असते. तेथे अपोलोच्या देवळाचा दरवाजा तेवढा उभा आहे, सहा मीटरांच्या घरात उंच, भिंती नाहीत की छप्पर नाही. लिग्डॅमिस या हुकूमशहाने इ. स. पूर्व ५३० च्या सुमारास हे देऊळ आरंभिले. थोड्याच वर्षांत त्याची सत्ता गेली आणि काम थांबले. पुढे १२०७ पासून व्हेनिसच्या सरदारांनी बेटावर राज्य केले, त्यांनी येथले दगड उचलून वरचा किल्ला बांधला. दरवाजाचे दगड वीस-वीस टनांचे, ते राहिले. मावळता सूर्य त्या चौकटीत धरण्यासाठी लोक दाटी करतात. त्या गर्दीतून थोडे पुढे जाऊन दगडांवर हात फिरवावा. जागोजाग मुठीएवढे उंचवटे लागतात. दगड उचलताना दोर अडकवण्यासाठी पाथरवट ते ठेवीत, आणि काम पुरे झाले की छिन्नीने उडवीत. येथे ते उडवायला कोणी परत आले नाही.