गॅलिलिओचा खटला : दंतकथा आणि वास्तव

पृथ्वी सूर्याभोवती फिरते, असे सांगणाऱ्या गॅलिलिओचा चर्चने छळ केला, त्याला जाळले, असा समज अनेकांच्या मनात असतो. वास्तविक रोममध्ये १६०० साली जिवंत जाळण्यात आले ते जिओर्दानो ब्रूनोला. त्याच्यावर ख्रिस्ताचे देवत्व नाकारल्याचाही आरोप होता.

गॅलिलिओवरील खटला १६३३चा. आदल्या वर्षी प्रसिद्ध झालेला त्याचा 'संवाद' हा ग्रंथ त्याला निमित्त ठरला. खटल्याच्या काळात त्याचा मुक्काम बहुतांशी तस्कनीच्या राजदूताकडे होता. त्याला छळाची धमकी देण्यात आली. प्रत्यक्ष छळाचा पुरावा नाही. २२ जून रोजी, 'पाखंडाचा तीव्र संशय' असा ठपका आल्यावर, त्याने गुडघे टेकून आपले मत सोडले. 'तरीही ती फिरतेच' हे प्रसिद्ध उद्गार खटल्याच्या कागदपत्रांत नाहीत.

मात्र, दंतकथा वगळल्या तरी अन्याय उरतोच. १६४२ मध्ये मृत्यू येईपर्यंत गॅलिलिओ नजरकैदेत राहिला. अखेरची काही वर्षे तर अंधत्वात गेली. त्याचा ग्रंथ निषिद्ध पुस्तकांच्या यादीतून वगळला गेला तो १८३५ मध्ये. तत्कालीन धर्मपंडितांची चूक झाल्याचे पोप जॉन पॉल दुसरे यांनी १९९२ साली मान्य केले. तोवर निकालाला साडेतीनशेहून अधिक वर्षे लोटली होती.