जात्यावरच्या ओव्यांचे जतन

जात्यावरच्या ओव्यांचे जतन म्हणजे दळण दळताना स्त्रियांनी गायिलेल्या ओव्या शब्द आणि चाल अशा दोन्ही अंगांनी नोंदवणे, त्यांची सूची करणे आणि त्या पुढील काळात शोधता व ऐकता याव्यात अशा रीतीने सांभाळणे होय. संगीत-ग्रंथपालन आणि लोकसाहित्याचा अभ्यास या दोन्ही क्षेत्रांशी हे काम निगडित आहे. महाराष्ट्रात या प्रकारचा मोठा संग्रह पुण्यातील हेमा राईरकर आणि गी पोयटवां यांनी उभारला. त्यात एक हजाराहून अधिक गावांतील सुमारे १,१०,००० ओव्या आहेत. बीड जिल्ह्यातील माजलगाव येथील ध्वनिमुद्रणे या संग्रहाचा महत्त्वाचा भाग आहेत.

पार्श्वभूमी

हाताने फिरवायच्या दगडी जात्यावर पहाटे, बहुधा दोघी जणी समोरासमोर बसून, दळण दळत. एक हात खुंट्यावर आणि दुसऱ्या हाताने जात्याच्या तोंडात मूठमूठ धान्य घालणे, या लयीत ओवी गायिली जाई. लेखी ओवी दोन ओळींची दिसते, पण गाताना तिची रचना बदलते. गायिका ओळींमध्ये संबोधने आणि ध्रुवपदे घालते, शब्दांची पुनरावृत्ती करते आणि ओवी आपल्या 'गळ्या'वर, म्हणजे चालीवर, बसवते. एकच ओवी दोन गावांत दोन गळ्यांवर ऐकू येते.

विजेची पिठाची गिरणी आल्यावर जाते अडगळीत गेले. माजलगाव–धारूर आणि बीड–परळी हे रस्ते जेथे एकत्र येतात त्या तेलगावसारख्या (तालुका धारूर) वर्दळीच्या गावांतही दळण गिरणीवर जाऊ लागले. स्त्रियांचे कष्ट कमी झाले, ही गोष्ट गायिकांनाही हवीच होती. त्यामुळे या बदलाबद्दल निव्वळ हळहळ व्यक्त करणे एकांगी ठरते. मात्र गाण्याचा प्रसंगच संपल्याने ओवी एकीकडून दुसरीकडे जाण्याची वाट बंद झाली. ज्यांनी स्वतः दळण दळले त्या स्त्रियांच्या स्मरणातच ती उरली.

आधीचे छापील संग्रह

ओव्या गोळा करण्याचे काम स्वातंत्र्यपूर्व काळापासून सुरू आहे. साने गुरुजींचा 'स्त्री जीवन' हा दोन भागांचा संग्रह विशेष प्रसिद्ध आहे. पुढे महाराष्ट्र राज्य लोकसाहित्य समितीमार्फत डॉ. सरोजिनी बाबर यांनी लोकसाहित्याचे अनेक संग्रह संपादित केले. या ग्रंथांमुळे विपुल शब्दधन टिकले. परंतु छापील संग्रहाची मर्यादा अशी की त्यात चाल येत नाही, आणि ओवी कोणी, कोणत्या गावात, केव्हा सांगितली हेही बहुधा कळत नाही. ओवी सर्वांची म्हणून ती कोणाचीच नव्हे, असा समज त्यातून रूढ झाला.

राईरकर–पोयटवां संग्रह

मूळचे फ्रान्सचे असलेले गी पोयटवां पुण्यात स्थायिक झाले होते. त्यांनी आणि हेमा राईरकर यांनी पुण्यात 'सेंटर फॉर कोऑपरेटिव्ह रिसर्च इन सोशल सायन्सेस' ही संस्था स्थापन केली. पुणे जिल्ह्याच्या डोंगराळ भागातील गरीब डोंगरी संघटनेच्या कार्यकर्त्या स्त्रियांच्या साहाय्याने ओव्यांची नोंद सुरू झाली आणि नंतर ती मराठवाड्यासह इतर भागांत पोहोचली. 'स्टोनमिल अँड भक्ती' (१९९६) हा ग्रंथ या सामग्रीवर आधारित आहे.

संगीत-अभ्यासक आणि संगणकतज्ज्ञ बेर्नार बेल १९९० च्या दशकात कामात सामील झाले, तेव्हा शब्दांसोबत आवाजाचीही पद्धतशीर नोंद होऊ लागली. सुमारे १२० तासांचे ध्वनिमुद्रण झाले. एकूण संग्रहाच्या मानाने हा भाग लहान आहे. बहुसंख्य ओव्या केवळ लेखी रूपात उरल्या असून त्यांचा गळा कोणता होता हे आता त्या नोंदीवरून कळू शकत नाही.

वर्गीकरण आणि सूची

लाखभर ओव्यांत एक ओवी सापडायची तर सूची हवी. या संग्रहात अक्षर, रोमन अंक आणि पोटक्रमांक यांचा श्रेणीबद्ध संकेतांक वापरला आहे. सीता, विठ्ठल व पंढरपूर, लेक, भाऊ-बहीण, सासर, डॉ. बाबासाहेब आंबेडकर असे विषय त्यात येतात. असे वर्गीकरण करणे हा निर्णयाचा भाग असतो. सीतेच्या वनवासाची ओवी पुराणकथेत ठेवायची की गाणारीच्या स्वतःच्या सासुरवासात? दोन्ही उत्तरे बरोबर असू शकतात, आणि वर्ग निवडताच ओवीचा एक अर्थ पुढे येऊन दुसरा मागे पडतो.

विषयापेक्षाही महत्त्वाची ठरते ती गायिकेचे नाव, गाव, तालुका, जिल्हा आणि दिनांक यांची नोंद. तिचा उपयोग बीड जिल्ह्यात स्पष्ट दिसून आला.

माजलगाव येथील ध्वनिमुद्रणे

धारूरला लागून असलेल्या माजलगाव तालुक्यात १९९६ साली भीमनगर या प्रामुख्याने दलित वस्तीतील स्त्रियांच्या ओव्या ध्वनिमुद्रित करण्यात आल्या. त्यांत डॉ. आंबेडकर, बुद्ध आणि जातीय अपमानाचा नकार हे विषय प्रामुख्याने आहेत. ओवी म्हणजे देवादिकांचे आणि माहेराचे गाणे, ही पुस्तकी कल्पना या मुद्रणांपुढे टिकत नाही. जुन्या छंदात स्त्रियांनी आपला अलीकडचा इतिहास बांधला होता.

ग्रामीण भारताविषयीच्या 'पीपल्स आर्काइव्ह ऑफ रुरल इंडिया' (पारी) या संकेतस्थळाने २०१७ पासून हा संग्रह मूळ मराठी ओवी, भाषांतर आणि ध्वनी यांसह प्रकाशित करण्यास सुरुवात केली. त्याच वर्षी पारीचा चमू जुन्या नोंदींतील नावे घेऊन माजलगावात गेला आणि सुमारे दोन दशकांनंतर गायिकांना पुन्हा भेटला. फितीवर केवळ 'मराठवाडा, स्त्री-आवाज' एवढेच लिहिलेले असते तर ही भेट अशक्य होती.

ध्वनीचे तांत्रिक जतन

चुंबकीय फितीला दमट हवा, बुरशी आणि धूळ यांपासून धोका असतो. फीत सुस्थितीत राहिली तरी ती वाजवणारे यंत्र मिळेलच असे नाही. १९९० च्या दशकात क्षेत्रीय ध्वनिमुद्रणासाठी लोकप्रिय असलेल्या डॅट फितीची यंत्रे बनवणे सोनी कंपनीने २००५ मध्ये थांबवले. म्हणून वेळीच फितीतील ध्वनी संगणकीय धारिकेत उतरवून त्याच्या प्रती वेगवेगळ्या ठिकाणी ठेवाव्या लागतात. गुरुग्राम येथील 'आर्काइव्ह्ज अँड रिसर्च सेंटर फॉर एथ्नोम्युझिकॉलॉजी' ही १९८२ साली स्थापन झालेली संस्था भारतीय क्षेत्रीय ध्वनिमुद्रणांच्या अशा जतनाचे काम करते.

४८ किलोहर्ट्झ व १६ बिट या दर्जाच्या एका तासाच्या द्विध्वनिक मुद्रणाला सुमारे ६९० मेगाबाइट जागा लागते. त्या हिशेबाने १२० तासांना ८३ गिगाबाइट पुरतात, म्हणजे सारा आवाज आज खिशातल्या पेन ड्राइव्हमध्ये मावेल. जागा स्वस्त झाली. प्रत्येक धारिका ऐकून तिच्यातील ओवी लेखी नोंदीशी जुळवण्याचे श्रम मात्र तेवढेच राहिले.

गायिकांचे हक्क

पारंपरिक ओवीला कर्ता नसतो. मात्र विशिष्ट दिवशी केलेल्या गायनाला गायिका असते. भारतीय प्रताधिकार कायदा, १९५७ मधील १९९४ च्या दुरुस्तीने प्रयोगकर्त्याला स्वतंत्र हक्क दिला आणि १९९९ च्या दुरुस्तीने त्याची मुदत २५ वरून ५० वर्षे केली. ही मुदत गायनाच्या पुढील वर्षाच्या आरंभापासून मोजतात. त्यामुळे १९९६ मध्ये माजलगावात गायिलेल्या ओव्यांवरील गायिकांचा हक्क २०४६ च्या अखेरपर्यंत राहतो.