गोट्यांचा प्रेशर कुकर

मंगोलियात मेंढपाळ कुटुंबाकडे पाहुणे म्हणून गेलात, तर ‘खोरखोग’ रांधायला जरूर शिका. दुधाच्या धातूच्या कॅनमध्ये मेंढीचे मांस, बटाटे, मीठ, थोडे पाणी आणि विस्तवात तापवलेले गोटे थराथराने भरून झाकण घट्ट लावतात.

याचा फायदा काय? राजधानी उलानबातर सुमारे १३०० मीटर उंचीवर आहे. तेथे उघड्या भांड्यातले पाणी ९६ अंश सेल्सिअसच्या आसपासच उकळते. कोंडलेल्या वाफेचा दाब वाढला, की उत्कलनबिंदूही वाढतो आणि मांस लवकर शिजते.

मात्र कॅनला शिटी नसते. झाकण यजमानांनाच बेताने उघडू द्या. गोट्याच्या भेगेत पाणी असेल, तर त्याची वाफ होऊन गोटा फुटू शकतो. म्हणून कोरडा, अभंग गोटा पारखणे हाच या स्वयंपाकाचा पहिला धडा!