तारामती : अण्णा साळुंके ते दुर्गा खोटे

मागच्या गॅदरिंगला एकांकिकेत आई झालो होतो मी! हॉस्टेलवर आठ दिवस नुसतं 'आई, जेवायला काय केलंय?' चाललं होतं. खरं तर त्या भूमिकेसाठी वर्गातल्या एका मुलीने नाव दिलं होतं. घरून फोन आला, 'शिकायला पाठवलंय, नाटकं करायला नाही.' तिने नाव मागे घेतलं आणि साडी माझ्या वाट्याला आली.

ही अडचण आपल्या सिनेमाइतकीच जुनी आहे. १९१३ साली दादासाहेब फाळके यांना 'राजा हरिश्चंद्र'साठी तारामती मिळेना. शेवटी हॉटेलात काम करणाऱ्या अण्णा साळुंके यांना त्यांनी साडी नेसवली. त्याच वर्षी 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि कमलाबाई या मायलेकी पडद्यावर आल्या. तरी 'चांगल्या घरातल्या' बाईने सिनेमात जाणं लोकांना पटत नव्हतं.

दुर्गा खोटे यांचा जन्म १९०५चा, मुंबईच्या सुखवस्तू लाड कुटुंबातला. शिक्षण सेंट झेवियर्समध्ये. लग्नानंतर घरची परिस्थिती खालावली, पदरात दोन मुलं. १९३१ साली 'फरेबी जाल'मध्ये छोटं काम केलं. सिनेमा चालला नाही, वर लोकांनी नावं ठेवली. आपल्या भाषेत सांगायचं तर पहिल्याच सेमला बॅक!

पण व्ही. शांताराम यांनी त्यांना 'प्रभात'च्या 'अयोध्येचा राजा'त (१९३२) घेतलं. भूमिका तारामतीचीच! हरिश्चंद्र होते गोविंदराव टेंबे. हा पहिला मराठी बोलपट. तेव्हा पार्श्वगायन नव्हतं. कॅमेऱ्यासमोर अभिनय करता करताच गायचं, वादक कॅमेऱ्याच्या नजरेबाहेर बसायचे आणि आवाज तिथल्या तिथे रेकॉर्ड व्हायचा. एक सूर चुकला की शॉट पुन्हा पहिल्यापासून. या परीक्षेत दुर्गाबाई पास झाल्या.

पुढे 'अमरज्योती'त (१९३६) त्या समुद्रावरची बंडखोर सौदामिनी झाल्या, 'मुघल-ए-आझम'मध्ये (१९६०) जोधाबाई. 'बिदाई'साठी (१९७४) फिल्मफेअर मिळालं. १९८३चा सर्वोच्च चित्रपट पुरस्कारही त्यांनाच मिळाला. त्याचं नाव? दादासाहेब फाळके पुरस्कार! ज्यांना तारामती मिळाली नव्हती, त्यांच्याच नावाचा.

आपल्या तुळजापुरात आराधी बाया देवीपुढे गातात, आपण हात जोडून ऐकतो. मग स्टेजवर मुलगी उभी राहिली तर बिघडलं कुठं?

यंदा तिने परत नाव दिलंय. साडी मी धुऊन, इस्त्री करून ठेवली आहे. घरून पुन्हा फोन येऊ नये, एवढंच आई भवानीला मागणं!