मुलांच्या हाती मोबाईल, पालकांच्या हाती किल्ली

बँकेचा लॉकर दोन किल्ल्यांशिवाय उघडत नाही. एक किल्ली खातेदाराजवळ असते, दुसरी बँकेजवळ. दागिने आपले, लॉकरही आपल्या नावाचा, तरीही दुसरी किल्ली लावल्यावाचून दार उघडत नाही आणि याबद्दल कोणत्याही खातेदाराची तक्रार नसते. आज मात्र कुटुंबाच्या पैशाचा मोठा भाग ज्या पेटीत सामावला आहे, त्या पेटीला बहुधा एकच किल्ली असते. ही पेटी म्हणजे मोबाईल. तिची किल्ली, म्हणजे चार किंवा सहा आकड्यांचा पिन, घरातील सर्वांना पाठ असते. आणि घरातील सर्वांत धाकट्यास ती सर्वांच्या आधी पाठ झालेली असते.

चंदीगडच्या वेशीवरील धडा

चंदीगडला लागूनच मोहाली जिल्ह्यातील खरड हे गाव आहे. जुलै २०२० मध्ये तेथील एका सतरा वर्षांच्या मुलाची हकिगत देशभरातील वृत्तपत्रांत प्रसिद्ध झाली. टाळेबंदीचा काळ होता, शाळा बंद होत्या व अभ्यास मोबाईलवर सुरू होता. मुलगा तासन्‌तास आईचा मोबाईल घेऊन बसे. तो शिकत आहे, अशी घरच्यांची समजूत होती. प्रत्यक्षात त्याने ‘पबजी’ या खेळातील आभासी शस्त्रे व अन्य वस्तू स्वतःसाठी आणि मित्रांसाठी विकत घेण्यात सुमारे सोळा लाख रुपये खर्च केले होते. आईवडिलांच्या तीन बँक खात्यांपर्यंत त्याचा हात पोहोचला होता. व्यवहाराचे संदेश येताच तो ते पुसून टाकी. बँकेचे विवरण हाती आले तेव्हा कुटुंबाला खरा प्रकार कळला. वडिलांच्या औषधोपचारासाठी जपून ठेवलेली ती पुंजी होती. मुलाला पैशाचे मोल कळावे म्हणून वडिलांनी त्याला स्कूटर दुरुस्तीच्या दुकानात कामाला बसविले, असेही त्या वृत्तांत म्हटले होते.

पुढच्याच वर्षी, ऑगस्ट २०२१ मध्ये, मुंबईच्या जोगेश्वरी भागातील एका सोळा वर्षांच्या मुलाने अशाच खेळापायी आईच्या खात्यातून सुमारे दहा लाख रुपये खर्च केले. आईवडील रागावले, तेव्हा तो चिठ्ठी लिहून घर सोडून गेला. पोलिसांनी अंधेरीतील महाकाली लेण्यांच्या परिसरात त्याचा शोध लावला व त्याला सुखरूप घरी पोहोचविले. दहा लाख रुपये गेल्याचे दुःख त्या एका दिवसाच्या काळजीपुढे किती लहान वाटले असेल, याची कल्पना कोणत्याही पालकास करता येईल.

वाट कोठून फुटली?

या दोन्ही घटनांत कोणी परका भामटा खात्यात शिरला नव्हता. बँकेची यंत्रणाही फसली नव्हती. ओटीपी येत होता, पण तो ज्या मोबाईलवर येत होता तोच मोबाईल मुलाच्या हातात होता. ओटीपीची सारी सुरक्षा एका गृहीतावर उभी आहे : मोबाईल ज्याच्या हातात, तोच खातेदार. भारतीय कुटुंबात, जेथे एक मोबाईल आई, आजी आणि नातवंडे मिळून वापरतात, तेथे हे गृहीत पहिल्याच पायरीवर ढासळते.

हा प्रश्न केवळ आपल्याकडचा नाही. मुलांनी पालकांच्या संमतीविना केलेल्या खरेदीबद्दल अमेरिकेच्या व्यापार आयोगाने २०१४ मध्ये ‘अ‍ॅपल’ कंपनीला किमान ३.२५ कोटी डॉलर ग्राहकांना परत करावयास लावले. २०२२ मध्ये ‘फोर्टनाइट’ या खेळाची निर्माती ‘एपिक गेम्स’ हिने मुलांच्या माहितीच्या गोपनीयतेचा भंग आणि फसव्या बटणांद्वारे करवून घेतलेली खरेदी या दोन आरोपांपोटी एकूण ५२ कोटी डॉलर देण्याचे मान्य केले. आपल्या संसदेने ऑगस्ट २०२५ मध्ये पैसे लावून खेळावयाच्या ऑनलाइन खेळांवर बंदी घालणारा कायदा संमत केला. तथापि त्या कायद्याचा रोख पैसे जिंकण्याच्या आशेने खेळल्या जाणाऱ्या खेळांवर आहे. साध्या खेळातील पोशाख, शस्त्रे वा नाणी यांची खरेदी ही वेगळी बाब आहे. तेथे पहारा घरानेच द्यावयाचा आहे.

पहिली किल्ली : खाते व कार्ड

मुलाच्या हाती कुटुंबाचे मुख्य खाते देण्याऐवजी त्याचे स्वतःचे लहान खाते उघडणे हा सर्वांत सोपा उपाय होय. रिझर्व्ह बँकेने एप्रिल २०२५ मध्ये काढलेल्या परिपत्रकानुसार दहा वर्षे पूर्ण झालेली अज्ञान व्यक्ती, म्हणजे अठरा वर्षांखालील मूल, बँकेने ठरविलेल्या मर्यादेत स्वतंत्रपणे बचत खाते उघडून चालवू शकते. त्याहून लहान मुलांचे खाते पालकांमार्फत उघडता येते. अशा खात्यात शिल्लक नेहमी जमेचीच राहिली पाहिजे, असा दंडक आहे. खाऊचे पैसे या खात्यात जमा केले की नुकसानीची सीमा आपोआप ठरते. पाचशे रुपये संपले की ते संपले. हा धडा मूल पाचशे रुपयांत शिकते, सोळा लाखांत नव्हे.

यूपीआय वापरणाऱ्यांसाठी ऑगस्ट २०२४ पासून ‘यूपीआय सर्कल’ ही सोय आली. तीत खातेदार विश्वासातील व्यक्तीस आपल्या खात्यातून पैसे देण्याची मुभा देतो. पूर्ण मुभा दिल्यास महिन्याला कमाल १५,००० रुपयांची मर्यादा येते, तर अंशतः मुभा दिल्यास प्रत्येक व्यवहार खातेदाराने आपल्या पिनने मंजूर करावा लागतो. मुलांच्या बाबतीत हा दुसरा प्रकारच योग्य. लॉकरच्या दोन किल्ल्यांचे तत्त्व येथे अक्षरशः उतरले आहे.

कार्डाच्या बाबतीत रिझर्व्ह बँकेचा जानेवारी २०२० चा नियम खातेदाराच्या फार उपयोगाचा आहे. नवे कार्ड आरंभी देशातील एटीएम व दुकानातील यंत्रापुरतेच चालू असते. ऑनलाइन व परदेशी व्यवहारांची सोय खातेदाराने स्वतः सुरू करावयाची असते, हवी तेव्हा ती बंदही करता येते व रकमेची मर्यादाही ठरविता येते. अनेक खातेदार एकदा सर्व सोयी सुरू करतात आणि पुन्हा तिकडे पाहत नाहीत. खरेदी आटोपल्यावर ऑनलाइन सोय बंद करण्यास अर्धा मिनिट लागतो. खेळाच्या किंवा अ‍ॅपच्या दुकानात कार्ड कायमचे जोडून ठेवले असेल, तर ते प्रथम काढून टाकावे.

दुसरी किल्ली : मोबाईल व इंटरनेट

पैशाइतकीच काळजी मुलाच्या डोळ्यांसमोर काय येते याची. अँड्रॉइड मोबाईलवर गूगलचे ‘फॅमिली लिंक’ आणि आयफोनवर ‘फॅमिली शेअरिंग’ व ‘स्क्रीन टाइम’ या सोयी विनामूल्य आहेत. मुलाने नवे अ‍ॅप घेण्याची किंवा काही विकत घेण्याची इच्छा केली की पालकांच्या मोबाईलवर विचारणा येते व पालकांनी होकार दिल्यावरच पुढचे दार उघडते. रात्री ठराविक वेळी मोबाईल बंद होणे, अ‍ॅपनिहाय वेळ ठरविणे हेही त्यात आहे. मूल आईचाच मोबाईल वापरत असेल, तर प्ले स्टोअरमध्ये प्रत्येक खरेदीपूर्वी ओळख पटविण्याची अट लावावी व बँकेच्या अ‍ॅपला मोबाईलच्या पिनहून निराळा पिन ठेवावा.

चित्रपट व मालिका दाखविणाऱ्या ऑनलाइन मंचांना केंद्र सरकारच्या २०२१ च्या नियमांनी वयोगटाची खूण करणे बंधनकारक केले. सर्वांसाठी, सात वर्षांवरील, तेरावरील, सोळावरील व प्रौढांसाठी असे पाच गट आहेत आणि तेरावरील गटापासून पुढे पालकांना कुलूप लावण्याची सोय देणे आवश्यक आहे. मुलांसाठी निराळे प्रोफाइल उघडून मोठ्यांच्या प्रोफाइलला पिन लावल्याशिवाय मात्र हे कुलूप निरुपयोगी ठरते. घरच्या वायफायवरही गाळणी बसविता येते. क्लाउडफ्लेअर या कंपनीने २०२० पासून दिलेला १.१.१.३ हा डीएनएस पत्ता राउटरमध्ये भरला की घातक व प्रौढांसाठीची संकेतस्थळे त्या जोडणीपुरती अडविली जातात.

या साऱ्या व्यवस्थेचा पाया एकच आहे, तो म्हणजे मुलाची खरी जन्मतारीख. खाते लवकर उघडावे म्हणून अनेक पालक स्वतःच मुलाचे वय वाढवून लिहितात. त्या क्षणापासून प्रत्येक यंत्रणा त्या मुलास प्रौढ समजते आणि एकही चाळणी काम करीत नाही. बँकेत केवायसीसाठी खोटी जन्मतारीख लिहिण्याचा विचारही न करणाऱ्या गृहस्थाने येथे तो करावा, हे आश्चर्यच म्हटले पाहिजे.

चाळणीच्या मर्यादा

कोंबडे झाकले म्हणून तांबडे फुटायचे राहत नाही. वायफायवरील गाळणी मोबाईलच्या डेटावर चालत नाही, मित्राच्या मोबाईलवर तर मुळीच नाही. खासगी संभाषणात काय चालले आहे तेही तिला दिसत नाही. शिवाय फार बारीक चाळणी आरोग्यविषयक उपयुक्त माहितीही अडविते. म्हणून वय वाढेल तसे कुलूप सैल व्हावे : दहापर्यंत पालकांच्या सोबतीने वापर, दहा ते तेरा मंजुरीने आणि पुढे ठरलेल्या मर्यादेत मोकळीक. मोठ्या मुलांचे संदेश चोरून वाचल्याने माहिती मिळते, पण विश्वास जातो. कोणते नियंत्रण लावले आहे व का, हे मुलाला सांगूनच लावावे.

चंदीगड शहराची आखणी करताना ल कॉर्बुझिए याने रस्त्यांचे सात प्रकार पाडले. वेगाची वाहने सेक्टरच्या कडेने जातात, घरांची दारे त्या रस्त्यांवर उघडत नाहीत आणि शाळा व दुकाने सेक्टरच्या आतच आहेत. मुलाने वेगवान रस्ता न ओलांडता शाळेत जावे, हा त्यामागील हेतू. मुलांना घरात कोंडण्याची गरज त्या नगररचनाकाराला वाटली नाही. रस्तेच त्याने वेगळे केले. कुटुंबाच्या ऑनलाइन खात्यांची आखणीही अशीच असावी.

शाखेतील सहकाऱ्यांसाठी

खात्यातून अनोळखी रकमा गेल्याची तक्रार घेऊन खातेदार येतो, तेव्हा विवरणात एकाच नावाने वारंवार झालेल्या लहान खरेद्या आहेत का, हे प्रथम पाहावे. तसे असल्यास मोबाईल घरात आणखी कोण वापरते, हे हळुवारपणे व एकांतात विचारावे. फसवणूक असेल तर १९३० या मदत क्रमांकावर तत्काळ तक्रार नोंदवावयास सांगावे. खरेदी घरातूनच झाली असेल, तर खरे तेच सांगावे. योग्य पिन व ओटीपी देऊन झालेला व्यवहार बँकेला उलटविणे कठीण असते. गूगल प्लेवरील खरेदीच्या परताव्यासाठी ४८ तासांच्या आत विनंती केल्यास आशा अधिक असते, म्हणून विलंब करू नये. सोबत मूल असेल तर काउंटरवर, चारचौघांत, त्याची झडती होणार नाही याची दक्षता घ्यावी.

व्यवहाराचे संदेश पुसता येतात, पण बँकेची नोंद पुसता येत नाही. म्हणून आठवड्यातून एकदा विवरण पाहण्याची सवय ठेवावी आणि शक्य असल्यास मुलांना शेजारी बसवून ते वाचावे. खर्च कोठे झाला हे त्यांनाही कळेल. खरडच्या त्या मुलाने पहिल्या खरेदीनंतर पहिला संदेश पुसला, तेव्हा गेलेली रक्कम सोळा लाखांच्या आसपासही नव्हती. त्या संध्याकाळी ती चूक घरात निर्धास्तपणे सांगता आली असती, तर पुढचे सारे टळले असते. चूक कबूल केल्यास बोलणी बसतील, पण घराचे दार बंद होणार नाही, एवढा भरवसा प्रत्येक मुलाला असावा.