पुलाने कुठे वाकावे

भूकंपात जमीन आडवी हलू लागली की पुलाचा हजारो टनांचा वरचा भाग जडत्वामुळे जागीच राहू पाहतो, आणि त्यातून उद्भवणारे आडवे बल खांबांना सोसावे लागते. तडासुद्धा न जाता हे बल पेलणारा खांब बांधणे अशक्य नाही. परंतु क्वचितच येणाऱ्या तीव्र धक्क्यासाठी प्रत्येक पुलावर तेवढा खर्च करणे कोणत्याही शासनाला परवडत नाही. म्हणून आधुनिक संरचनाशास्त्र इजा गृहीत धरते आणि ती नेमकी कुठे व कोणत्या प्रकारची व्हावी, हे आराखड्यातच ठरवते. या विचाराअभावी काय घडते, हे कॅलिफोर्नियाने तीनदा अनुभवले.

9 फेब्रुवारी 1971 च्या सॅन फर्नांडो भूकंपात लॉस एंजेलिसच्या उत्तरेस, महामार्ग क्रमांक 5 आणि 14 यांच्या संगमावरील, पूर्ण होत आलेल्या उड्डाणपुलाचा काही भाग कोसळला. तेथील गाळे सांध्यापाशी अरुंद बैठकीवर टेकलेले असल्याने ते सरकून खाली आले. त्या काळच्या खांबांत उभ्या सळ्या भरपूर असत. मात्र त्यांना वेढणाऱ्या आडव्या रिंगा सुमारे 12 मिलिमीटर जाडीच्या आणि तब्बल 30 सेंटीमीटर अंतरावर बसवण्याची पद्धत होती. खांब वाकताना बाहेरचे काँक्रीट गळून पडते, आणि आतल्या काँक्रीटला घट्ट धरून ठेवणाऱ्या रिंगा विरळ असतील, तर उभ्या सळ्या बाहेर फुगतात व गाभ्याचा चुरा होतो. याउलट रिंगा दाट असतील, तर तोच खांब बराच वाकूनही वरचे ओझे पेलत राहतो. या गुणाला तन्यता म्हणतात.

शासनाने प्रथम सोपा उपाय हाती घेतला आणि जुन्या पुलांचे गाळे पोलादी दोरांनी एकमेकांशी जखडले. हा उपाय उपयुक्त असला, तरी खांबांचा दोष कायम राहिला. ऑकलंडमधील सायप्रस स्ट्रीट या दुमजली मार्गालाही असे दोर लावले होते. परंतु 17 ऑक्टोबर 1989 च्या लोमा प्रिएटा भूकंपात, मऊ चिखलावर उभ्या असलेल्या भागात, त्याचा वरचा मजला खालच्यावर आदळला आणि 42 माणसे मृत्युमुखी पडली. खांब आणि आडव्या तुळया जिथे मिळतात, त्या सांध्यांत पुरेशा रिंगाच नव्हत्या.

दरम्यान न्यूझीलंडमध्ये रॉबर्ट पार्क आणि थॉमस पॉले यांनी क्षमतानुसारी संरचनेची पद्धत विकसित केली होती. तीनुसार खांबाच्या ठरावीक टोकाशी वाकून इजा सोसणारा भाग, म्हणजे प्लास्टिक बिजागरी, जाणीवपूर्वक योजतात आणि पाया, सांधे व तुळया त्या टोकापेक्षा बळकट ठेवतात. खांब आडवा कातरला जाणे हा अचानक ओढवणारा नाश असल्याने, त्याची कातर सोसण्याची ताकद वाकण्यातून येणाऱ्या बलापेक्षा अधिक राखतात.

17 जानेवारी 1994 च्या नॉर्थरिज भूकंपात 1971 पूर्वीच्या आराखड्यानुसार पूर्ण केलेले, त्याच संगमावरील पूल पुन्हा पडले. या वेळी आखूड खांबाने घात केला. इतर सर्व बाबी समान असताना खांबाची उंची निम्मी झाली, की त्याचा ताठरपणा आठपट होतो. त्यामुळे लांब खांब डोलत असताना जवळजवळ सारे आडवे बल आखूड खांबावर एकवटते. याच भूकंपात 1989 नंतर पोलादी आवरण चढवून बळकट केलेले खांब मात्र टिकले. कोसळलेल्या सातांपैकी बहुतेक पूल दुरुस्तीच्या यादीत असूनही तोवर काम झालेले नव्हते, ही बाब विशेष क्लेशदायक आहे.

भारतीय रस्ते काँग्रेसने 2018 साली रस्त्यांवरील पुलांच्या भूकंपरोधक संरचनेसाठी स्वतंत्र मार्गदर्शिका प्रसिद्ध केली असून, तीत क्षमतानुसारी संरचना आणि तन्यतेसाठी करावयाची सळ्यांची मांडणी यांना स्थान दिले आहे. 1967 चा कोयनेचा भूकंप सोसलेल्या महाराष्ट्राला हा विषय परका नाही. कामाच्या जागी या तरतुदींचे पालन झाले आहे की नाही, हे मुख्यतः रिंगांमधील अंतर आणि त्यांची आत वळवलेली टोके यांवरून कळते. आणि काँक्रीट ओतल्यावर ती दिसेनाशी होत असल्याने, त्यांची तपासणी ओतकामाआधीच, प्रत्येक खांबाशी उभे राहून करावी लागते.